फोटो हलतो तेव्हा मधलं कोण भरतं?

संशोधन-प्रस्तावाचं सादरीकरण करताना तुमच्यापैकी बरेच जण जुने फोटो वापरणार आहात. विषय गिरणगावचा असो, साष्टीतल्या खारजमिनींचा असो की बोरिवलीच्या कान्हेरी लेण्यांचा, फोटो लागतोच. आणि आजकाल नुसता फोटो पडद्यावर ठेवून कुणाचं समाधान होत नाही. तो हळूच पुढे सरकला पाहिजे, गर्दीतल्या एका चेहऱ्यावर जाऊन थांबला पाहिजे, मागे तंबोरा वाजला पाहिजे. मोबाइलमधलं फुकटचं ॲपसुद्धा हे करून देतं. दोन ठिकाणी की-फ्रेम टाका, मधलं ते आपोआप भरतं.

हे 'मधलं आपोआप भरणं' म्हणजे काय, ते कुठून आलं, आणि इतिहासाच्या विद्यार्थ्याने त्याकडे पुराव्याच्या नजरेने कसं बघायचं, हे आज सांगते. कसं करायचं याचे व्हिडिओ ढिगाने आहेत. मला बोलायचंय ते त्यामागच्या गृहीतकाबद्दल.

आधी शब्द समजून घेऊ. व्हिडिओ म्हणजे एकामागून एक येणारी स्थिर चित्रं, हे तुम्हाला माहीत आहे. सेकंदाला २४ चित्रं धरली तर पाच सेकंदांची १२० होतात. तुमचा फोटो या पाच सेकंदांत १०० टक्क्यांवरून १२० टक्के आकाराचा व्हायचा असेल, तर तुम्ही फक्त पहिलं आणि शेवटचं चित्र ठरवता. या दोन जागा म्हणजे की-फ्रेम. बाकीची चित्रं संगणक गणिताने काढतो: साठाव्या चित्राला ११०, नव्वदाव्याला ११५. म्हणजे तुमचा निर्णय दोन ठिकाणी असतो आणि उरलेल्या शंभराहून अधिक ठिकाणी हिशोब. हे वाक्य लक्षात ठेवा, पुढे त्याच्याकडे परत यायचं आहे.

आता मुलुंडवरून गाडी पकडून ठाण्याच्या पुढे जाऊ, कल्याणला. १८९२ साली तिथे महादेव गोपाळ पटवर्धन यांनी 'शांबरिक खरोलिका' नावाचा खेळ सुरू केला. शंबर हा पुराणातला मायावी असुर, त्याच्या नावावरून 'शांबरिक'. खेळ होता मॅजिक लँटर्नचा, म्हणजे जादूच्या दिव्याचा. काचेवर हाताने रंगवलेली चित्रं, मागे दिवा, पुढे भिंग, समोर पांढरा पडदा. रामायण-महाभारतातले प्रसंग असत, सर्कस असे. सोबत निवेदन आणि संगीत. ल्युमिए बंधूंच्या फिल्मा मुंबईत वॉटसन हॉटेलात दाखवल्या गेल्या ७ जुलै १८९६ला. म्हणजे त्याच्या चार वर्षं आधी कल्याणात लोक अंधारात बसून पडद्यावरची चित्रं हलताना बघत होते.

हलताना म्हणजे कशी? इथेच आपला विषय आहे. एकाच आकृतीच्या वेगवेगळ्या अवस्था काचेवर रंगवायच्या आणि त्या झटपट एकामागून एक पडद्यावर आणायच्या. जादूच्या दिव्याच्या व्यवसायात आणखीही युक्त्या होत्या. एक काच स्थिर, तिच्यावर दुसरी सरकती काच. सरकती ओढली की हात वर जातो. किंवा दोन दिवे एकाच जागी रोखायचे आणि एकाचा उजेड मंद करत दुसऱ्याचा वाढवायचा, म्हणजे दिवसाचं दृश्य रात्रीत विरघळतं. आज तुम्ही टाइमलाइनवर दोन फोटो एकमेकांवर थोडे चढवून जे करता, तेच.

फरक एकच, पण मोठा. पटवर्धनांच्या पडद्यावर 'मधलं' असं काही नव्हतंच. हात खाली आहे आणि हात वर आहे, एवढंच काचेवर. मधला हात प्रेक्षक मनात भरून घेत होता, आणि निवेदकाचा आवाज त्याला मदत करत होता. पिंगुळीच्या चित्रकथी परंपरेतही हेच दिसतं. ठाकर समाजातला कथेकरी पोथीतलं एकेक चित्र समोर धरतो, गातो, सांगतो, चित्र बदलतो. दोन चित्रांच्या मधली लढाई त्याच्या आवाजात होते. आपल्याकडे स्लाइड-शो संगणकाने आणला असं कुणी म्हणालं तर त्याला कुडाळची एसटी दाखवा.

पटवर्धनांच्या काचा पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडे जतन केल्या आहेत. त्यांच्याबद्दल लिहिताना बहुतेक जण 'सिनेमाची पूर्वतयारी' म्हणून दोन ओळी लिहितात आणि पुढे फाळक्यांकडे जातात. मला हे पटत नाही. खरोलिका ही अपुरी फिल्म नव्हे. ती स्वतःच्या नियमांनी चालणारी, पूर्ण झालेली गोष्ट होती. संशोधनाची तयारी करताना 'अमुकाची पूर्वतयारी' हा शब्दप्रयोग कुठे दिसला की थांबा आणि विचारा, त्या काळच्या माणसाला हे माहीत होतं का की तो कशाची तरी तयारी करतोय?

तरीही फाळक्यांकडे जायचंच आहे, कारण त्यांनी मधल्या जागेबद्दल अगदी उलटी गोष्ट करून दाखवली. १९१२ साली लंडनहून कॅमेरा घेऊन आल्यावर त्यांनी 'अंकुराची वाढ' ही छोटी फिल्म केली. कुंडीत वाटाणा लावला, कॅमेरा रोखला आणि रोप वाढेल तसतसं महिनाभर एकेक चित्र घेत राहिले. पडद्यावर मात्र अंकूर क्षणांत फुटतो आणि वेल चढते. ही फिल्म बघून यशवंत नाडकर्णी यांनी पैसे दिले आणि पुढे 'राजा हरिश्चंद्र' उभा राहिला, हा भाग तुम्ही शाळेपासून ऐकलाय. पुराव्याच्या दृष्टीने बघा: या फिल्ममधलं प्रत्येक चित्र खरोखर घेतलेलं आहे. रोप त्या क्षणी तसंच होतं. फाळक्यांनी वेळ दाबली, पण मधलं काहीही कल्पनेने भरलं नाही.

म्हणजे आपल्यासमोर आता तीन प्रकार आहेत. पटवर्धनांकडे मधली जागा रिकामी, ती प्रेक्षक भरतो. फाळक्यांकडे ती पुराव्याने भरलेली. आणि की-फ्रेममध्ये ती हिशोबाने भरलेली. पडद्यावर तिन्ही सारखेच दिसतात, हीच अडचण आहे.

हिशोबाने भरण्याची कल्पना मात्र संगणकाची नाही, ती कार्टूनच्या कारखान्यातली आहे. मोठ्या स्टुडिओत अनुभवी चित्रकार हालचालीच्या मुख्य जागा काढायचा: पात्र उडी मारायला वाकलंय, हवेत आहे, जमिनीवर टेकलंय. मधली चित्रं काढायला कनिष्ठ चित्रकार बसवलेले असायचे. मुंबईत फिल्म्स डिव्हिजनने १९५६ साली कार्टून विभाग सुरू केला तेव्हा डिस्नेत काम केलेले क्लेअर वीक्स इथे शिकवायला आले. राम मोहन याच विभागात तयार झाले. १९५७चा 'द बन्यन डिअर' हा जातककथेवरचा लघुपट तिथलाच. मुख्य चित्र आणि मधलं चित्र ही श्रमविभागणी मुंबईत अशी सरकारी नोकरीच्या वाटेने पक्की झाली. पुढे उपनगरांत, विशेषतः अंधेरीच्या बाजूला, ॲनिमेशनची जी कामं आली त्यांतही वरचा माणूस 'की' काढतो आणि खालचे 'इन-बिटवीन' करतात, ही उतरंड कायम राहिली. मधलं काम कमी पैशांचं, नाव नसलेलं. श्रमाच्या इतिहासावर काम करणाऱ्यांसाठी इथे एक अख्खा प्रबंध पडून आहे, उचला.

हे मधलं काम यंत्राला द्यायची कल्पना कॅनडात आकाराला आली. ओटावाच्या नॅशनल रिसर्च कौन्सिलमध्ये नेस्टर बर्टनिक आणि मार्सेली वाइन यांनी १९७० च्या आसपास अशी प्रणाली केली, की चित्रकाराने मुख्य चित्रं द्यायची आणि मधली संगणकाने काढायची. त्यावर पीटर फोल्डेस यांनी नॅशनल फिल्म बोर्डसाठी १९७४ साली 'हंगर' हा लघुपट केला. बर्टनिक-वाइन यांना या कामासाठी १९९७ साली ऑस्करवाल्या अकादमीचा तांत्रिक पुरस्कारही मिळाला. तुमच्या ॲपमधलं ते छोटं बटण त्यांच्याच वंशातलं.

पण फोटोंचं काय? फोटो हलवायची विद्या त्याच फिल्म बोर्डात, पण सतरा वर्षं आधीची. कॉलिन लो आणि वुल्फ कोएनिग यांचा 'सिटी ऑफ गोल्ड' १९५७ सालचा. डॉसन सिटी या गावात एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस सोन्यासाठी जी झुंबड उडाली, तिचे काचेच्या निगेटिव्हवरचे फोटो त्यांनी घेतले. फिल्म सुरू होते आजच्या, म्हणजे १९५७ च्या, शांत गावात, आणि मग नकळत फोटोंमध्ये शिरते. फोटो टेबलावर ठेवायचा, वर खांबाला कॅमेरा, आणि टेबल किंवा कॅमेरा अगदी कणाकणाने सरकवत एकेक चित्र घ्यायचं. याला रोस्ट्रम कॅमेरा म्हणतात. रोमन क्रॉयटर यांनी या फिल्मसाठी कॅमेऱ्याचा मार्ग आखून देणारं उपकरण बनवलं, त्यामुळे हालचाल हाताने कॅमेरा धरून बघितल्यासारखी जिवंत वाटते. केन बर्न्स हे अमेरिकन माहितीपटकार या फिल्मचं ऋण मोकळेपणी सांगतात. त्यांची 'द सिव्हिल वॉर' ही मालिका १९९० साली आली. २००३ मध्ये ॲपलने आयमूव्हीत हा परिणाम एका क्लिकवर आणला आणि त्याला बर्न्स यांचंच नाव दिलं.

आपल्याकडेही रोस्ट्रमवर काम होत होतंच. १९६८चा विठ्ठलभाई झवेरींचा 'महात्मा' हा साडेपाच तासांचा चरित्रपट जुनी फिल्म, स्थिर फोटो आणि ॲनिमेशन यांच्या मिश्रणातून उभा आहे. एवढा वेळ स्थिर फोटोवर माणसाला बसवून ठेवणं सोपं नाही. कॅमेऱ्याला कुठे तरी जावं लागतं. आणि कुठे जायचं हे कुणी तरी ठरवतं.

बाकी लग्नाच्या व्हिडिओवाल्यांनी ही विद्या घाटकोपर-मुलुंडच्या गल्लीबोळांत कशी पोचवली, साठीशांतीला आजोबांचा शाळेतला फोटो फिरत फिरत पडद्यावर यायला कधीपासून लागला, हा स्वतंत्र लेखाचा विषय आहे. इथे तो सोडून देते.

आता कामाचं बोलू. कुठे जायचं हे कुणी तरी ठरवतं, म्हणजे नेमकं काय घडतं? एक उदाहरण घ्या.

विल्यम जॉन्सन हा मुंबईतला सरकारी कारकून आणि हौशी फोटोग्राफर. १८५४ साली बॉम्बे फोटोग्राफिक सोसायटी स्थापन झाली तेव्हा तो संस्थापकांत होता. भाऊ दाजींचे बंधू डॉ. नारायण दाजी याच सोसायटीचे सभासद. जॉन्सनने १८६३ आणि १८६६ मध्ये दोन खंडांत मुंबईतल्या जाती-जमातींचे फोटो लंडनहून प्रसिद्ध केले. वंशशास्त्राच्या नावाखाली फोटो वापरणाऱ्या सुरुवातीच्या पुस्तकांत त्याची गणना होते. त्यातल्या अनेक फोटोंमध्ये पाच-सात माणसं पुढे उभी आहेत आणि मागे मुंबईतलं एखादं ठिकाण आहे. बघणाऱ्याला वाटतं, माणसं तिथेच उभी होती.

ती तिथे नव्हती. जॉन्सनने माणसांचे गट वेगळे टिपले, ते कापून काढले आणि दुसऱ्या फोटोवर बसवले. पुस्तकातली पार्श्वभूमी ही जोडलेली पार्श्वभूमी आहे.

आता तुमचा आवडता परिणाम आठवा: माणूस पार्श्वभूमीपासून कापून वेगळ्या थरावर ठेवायचा, मागची जागा भरून घ्यायची, आणि दोन्ही थरांना वेगवेगळ्या गतीच्या की-फ्रेम द्यायच्या. पुढचा माणूस जास्त सरकतो, मागचं कमी, आणि फोटोला खोली येते. हा परिणाम तुम्ही जॉन्सनच्या फोटोवर केलात तर काय होईल? जॉन्सनने डिंकाने चिकटवलेलं खोटं तुम्ही अवकाशात उभं करून खरं कराल. १८६० च्या दशकात बघणारा निदान उजेडाची दिशा, कडेची कापाकापी निरखून शंका घेऊ शकत होता. तुमच्या हलत्या फोटोत त्या कडाच गुळगुळीत होतात. वसाहतीच्या वर्गीकरणाने माणसांना त्यांच्या जागेवरून उचललं, दुसऱ्याच जागेवर ठेवलं, आणि दीडशे वर्षांनी आपण त्यावर खोलीचा भास चढवतो. हे मला नुसतं तांत्रिक वाटत नाही.

दुसरं उदाहरण प्लेगचं. १८९६ च्या सप्टेंबरात मांडवीत डॉ. अकॅसिओ व्हिएगस यांना प्लेगचे रुग्ण आढळले. १८९७ मध्ये जनरल गटॅकर यांच्या अध्यक्षतेखाली प्लेग समिती नेमली गेली, आणि तिच्या कामाचे फोटो कॅप्टन सी. मॉस यांनी काढले. घरं धुऊन काढणारे बंब, इस्पितळांतले रुग्ण, तपासणी पथकं. 'कामाचे फोटो' हा शब्द नीट वाचा. समितीने आपलं काम दाखवायला काढलेले फोटो आहेत ते. माणसं कॅमेऱ्यासाठी रांगेत, स्थिर उभी केलेली आहेत.

समजा तुम्ही अशा एका फोटोत पूर्ण चौकटीपासून सुरुवात केली आणि आठ सेकंदांत खाटेवरच्या बाईच्या चेहऱ्यावर झूम केलं. सभागृह गहिवरेल. पण बघा काय बाहेर गेलं: खाटेमागचा डॉक्टर, कडेचा शिपाई, टापटीप अंथरुणं, म्हणजे फोटो ज्यासाठी काढला ती सगळी यंत्रणा. उरला फक्त दुःखाचा चेहरा. तुम्ही उलटं केलंत, चेहऱ्यापासून सुरू करून मागे सरकत डॉक्टर, शिपाई, खाटांची रांग उघडी केलीत, तर त्याच फोटोतून वेगळा युक्तिवाद निघतो: ही बाई कुणाच्या नजरेखाली आहे. दोन्हींत की-फ्रेम दोनच. फक्त त्यांची अदलाबदल केली.

म्हणून मी म्हणते, की-फ्रेम हा तुमच्या प्रबंधातल्या वाक्याइतकाच गंभीर दावा आहे. वाक्याला तळटीप देता ना? मग याचाही हिशोब द्या.

तो कसा द्यायचा? सगळ्यात आधी, हलवण्यापूर्वी पूर्ण फोटो, कडांसकट, स्थिर दाखवा. तीन-चार सेकंद पुरतात. फोटोच्या कडेवर संग्रहाचा शिक्का, क्रमांक, फाटलेला कोपरा असेल तर तो कापू नका. तोही दस्तऐवजाचा भाग आहे. मग हलवा. म्हणजे तुम्ही काय निवडलं हे बघणाऱ्याला कळतं आणि तो तुमच्याशी भांडू शकतो. मौखिकीत कुणी भांडलंच नाही तर समजा फोटो कुणी बघितलेला नाही.

झूमची मर्यादा मोजून घ्या. सहा बाय चार इंचांचा प्रिंट ३०० डीपीआयने स्कॅन केला तर १८०० बाय १२०० ठिपके मिळतात. व्हिडिओची चौकट १९२० बाय १०८०. म्हणजे चौकट भरायलाच ठिपके कमी पडतायत, आणि तुम्ही त्यावर दुप्पट झूम करायला निघालात! ॲप मध्ये ठिपके बनवून घालतं, हल्लीची काही ॲप तर चेहऱ्याचे तपशीलसुद्धा बनवतात. तो डोळा, ती पापणी त्या माणसाची नाही. 'सिटी ऑफ गोल्ड'वाल्यांना आत शिरता आलं कारण मूळ निगेटिव्हमध्ये तेवढं होतं. शक्य असेल तिथे संग्रहालयाकडून मोठं स्कॅन मागा, ६०० किंवा १२०० डीपीआयचं. नाही मिळालं तर झूम करू नका.

गतीबद्दल एक बारकी गोष्ट, जी सहसा कुणी सांगत नाही. दहा सेकंदांत १०० वरून २०० टक्के असा सरळ हिशोबाचा झूम दिलात तर तो शेवटी मंदावल्यासारखा वाटतो. पहिल्या सेकंदात १०० चे ११० होतात, म्हणजे दहा टक्के वाढ. शेवटच्या सेकंदात १९० चे २००, म्हणजे जेमतेम पाच. डोळ्याला हे प्रमाण कळतं, आकडा कळत नाही. मग लोक सुरुवात-शेवट मऊ करणारी 'इझ'ची सोय लावतात, आणि शेवट आणखी रेंगाळतो. रेंगाळणं म्हणजे भावना. चेहऱ्यावर रेंगाळायचं की खाटेच्या क्रमांकावर, हे तुम्ही ठरवा. ॲपच्या ठरलेल्या सेटिंगला ठरवू देऊ नका.

आणि चेहरे हलवू नका. २०२१ साली मायहेरिटेज या कंपनीने मृत नातेवाइकांच्या फोटोंना पापण्या मिटायला, मान वळवायला लावणारी सोय आणली तेव्हा कुटुंबांच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर पूर आला होता. घरात, आपल्या आजीसाठी, कुणी ते केलं तर मी त्यावर बोलणार नाही. पण ज्या माणसाला समितीने खाटेवर झोपवून फोटो काढला, परवानगी विचारली की नाही याची नोंदसुद्धा केली नाही, त्याच्याकडून आपण आता पापणीही मिटवून घ्यायची? फाळक्यांच्या वाटाण्याची प्रत्येक हालचाल वाटाण्याची होती. इथली एकही हालचाल त्या माणसाची नाही.

तुमच्या प्रबंधासोबत व्हिडिओ जोडणार असाल तर परिशिष्टात एक साधा तक्ता द्या: फोटोचा संग्रह-क्रमांक, मूळ आकार, स्कॅनचे ठिपके, सुरुवातीची चौकट, शेवटची चौकट, सेकंद, आणि काही कापलं-जोडलं असेल तर तसं स्पष्ट. अर्ध्या पानाचं काम आहे. तुमच्या विभागाच्या नमुन्यात यासाठी रकाना नसेल. मार्गदर्शकांना विचारून 'दृश्य साधनांची नोंद' या शीर्षकाखाली घाला, नकाशांच्या यादीच्या लगेच खाली.